साठेखतावरची दुसरी सही

"कुठला अंगठा लावाल, वहिनी?" टिळेकर वकिलांनी विचारलं.

मी डावा अंगठा पुढं केला.

"बरोबर. आणि शाई लागली की पदराला पुसायची. इकडंतिकडं बघायचं नाही, फडकं मागायचं नाही. अडाणी बाई फडकं मागत नाही."

"नाही मागणार, साहेब," शेजारच्या खुर्चीवरून आमचे मालक म्हणाले. "तिला कळतं तेवढं."

आमच्याकडं नवऱ्याला मालक म्हणायची पद्धत आहे. मीही म्हणत आले. म्हणायला काही लागत नाही.

टिळेकरांचं ऑफिस एसटी स्टँडच्या मागं, खताच्या दुकानावर होतं. खालून युरियाचा वास यायचा. तिथं मला बोलावलं होतं ते अडाणी कसं व्हायचं ते शिकवायला. शिकवणी चांगली तासभर चालली. कोर्टात भिंतींवर पाट्या असतात, त्यांच्याकडं बघायचं नाही, कारण वाचणाऱ्या माणसाचे डोळे ओळीबरोबर सरकतात आणि समोरचा वकील तेच बघत असतो. कागद हातात दिला तर तो उलटा धरायचा नाही, कारण ते नाटक वाटतं. आडवा धरायचा. कुणी काही विचारलं तर आधी जज्जसाहेबांकडं बघायचं, मग मालकांकडं, मग बोलायचं.

"नजर कुठं ठेवायची?" मी विचारलं.

"जमिनीवर."

मी जमिनीकडं बघितलं. टेबलाखाली टिळेकरांच्या एका पायात मोजा होता आणि दुसऱ्यात नव्हता. असला माणूस मला अडाणीपणा शिकवत होता.

भानगड काय होती ते सांगते. आमच्या लग्नाला वर्षही झालं नव्हतं तेव्हा मालकांना जीप घ्यायची हौस आली. गाव ते तालुका पॅसेंजर भरायचे, पायजम्याच्या जागी पँट घालायची, स्टिअरिंगवर बसून लोकांना 'चला, चला' म्हणायचं. त्यासाठी ओढ्यालगतची दीड एकर जमीन एकनाथ मोजाडला द्यायची ठरली. मोजाड एसटीत कंडक्टर होता. भावांमधली वाटणी तेव्हा सातबाऱ्यावर चढलेली नव्हती, म्हणून लगेच खरेदीखत होईना. मग साठेखत केलं. बहुतेक सगळे पैसे मोजाडनं तेव्हाच दिले आणि मालकांनी लिहून दिलं की वाटणीची नोंद लागली की खरेदीखत करून देईन.

जीप आली. मालकांनी ती दोनदा ओढ्यात घातली आणि एकदा देवळाच्या ओट्यावर चढवली. ज्या सालची ही गोष्ट आहे त्या साली ती चिंचेखाली उभी होती आणि तिच्यात कोंबड्या अंडी घालत होत्या.

जमीन मात्र फळाला आली. पलीकडच्या माळावर कारखान्यांची वसाहत झाली, ओढ्यावर पूल झाला, रस्ता बरोबर आमच्या दीड एकराला लागून गेला. वाटणीची नोंद कधीच लागून गेली होती. मोजाड दर दिवाळीला यायचा, अंगणात उभा राहून विचारायचा, "मग हांडे, खरेदीखत कधी?" आणि मालक म्हणायचे, "होईल की." भाव वाढल्यावर एका दिवाळीला म्हणाले, "कसलं खरेदीखत?"

मोजाड कोर्टात गेला. मालकांनी उत्तर दिलं की असा काही कागद झालाच नाही, सही माझी नाही, सगळं बनावट आहे.

कागदावर दोन साक्षीदार होते. पहिला वारला होता. कागद लिहिणारा बाँडरायटर गाव सोडून सुरतेकडं गेला होता, त्याचा पत्ता कुणालाच माहीत नव्हता. राहिली दुसरी साक्षीदार. सौ. अनसूया विनायक हांडे. म्हणजे मी.

आता बायको नवऱ्याच्या बाजूनं बोलणारच, तेवढ्यानं काय होणार. म्हणून टिळेकरांनी डोकं चालवलं. दाव्याच्या उत्तरात, म्हणजे कैफियतीत, त्यांनी लिहून दिलं की प्रतिवादीची पत्नी जन्मापासून निरक्षर आहे, ती अंगठा लावते, आणि बनावट कागद करणाऱ्याला एवढंही माहीत नसल्यानं त्यानं तिची सही ठोकून दिली. यातच खोटेपणा उघड होतो. या मुद्द्याचा टिळेकरांना फार अभिमान होता. मला त्यांनी तो तीन-चारदा ऐकवला. प्रत्येक वेळी शेवटी टेबलावर बोट आपटायचे.

मी सातवी पास होते. माझ्या माहेरी शाळा सातवीपर्यंतच होती, नाहीतर पुढंही गेले असते. मला बघायला आले तेव्हा मालकांनी एकच गोष्ट विचारली होती, "लिहिता-वाचता येतं ना? चांगलं येतं ना?" माझे वडील हरखून गेले होते. हुंडा न विचारता शिक्षण विचारणारा जावई त्यांनी पहिल्यांदाच बघितला होता.

साठेखताच्या दिवशीही दुसरा साक्षीदार ऐनवेळी आला नाही तेव्हा मालक सगळ्यांपुढं म्हणाले होते, "कशाला कुणाची वाट बघायची? आमची मंडळी सातवी शिकलेली आहे. झोकात सही करते." आणि मला चुलीपुढून हाक मारली होती. मी पिठाचे हात धुऊन आले. मोजाड माझ्या खांद्यावरून वाकून बघत होता. सही नीट दिसेल अशी करा, म्हणाला. मला त्या माणसाचा पहिल्यापासून तिटकारा होता. चहा दिला की आधी वास घ्यायचा, मग प्यायचा. प्रत्येक गोष्टीत आपल्याला कुणी फसवतंय अशी त्याची नजर असायची. पुढं तो खरोखर फसला, तरी मला त्याची दया आली नाही.

तारखेच्या दिवशी सकाळी मी निळी साडी काढली. मालक म्हणाले, "ही नको. ती खुरपायला नेसतेस ती नेस."

"कोर्टात?"

"अडाणी दिसली पाहिजेस."

मी ती साडी नेसले. भांडले नाही. पोरं शाळेत गेली होती, गायीला टाकून झालं होतं, आणि कोर्टात जाऊन मी काय बोलणार हे खरं सांगायचं तर मलाही ठाऊक नव्हतं. दीड एकर रस्त्याकाठची जमीन म्हणजे काय ते मला कळत होतं. माझ्याच पोरांची ती जमीन. एक वाक्य बोलायचं, अंगठा टेकवायचा, मोकळं व्हायचं. गावात याहून मोठं खोटं बोलून लोक सुखानं नांदत होते.

आधी मालकांची साक्ष झाली. साक्षीदारानं आत बसायचं नसतं म्हणून मला व्हरांड्यात बसवलं होतं. पण बाक खिडकीखालीच होता आणि खिडकीची तावदानं फुटलेली होती. सगळं ऐकू येत होतं.

मोजाडचे वकील लोहकरे म्हातारे होते. आवाज झोपेतून उठल्यासारखा. त्यांनी मालकांना कोऱ्या कागदावर सही करायला लावली. मालकांनी इंग्रजी वळणाची, खाली दोन रेघा ओढलेली सही केली. ती सही त्यांनी टिळेकरांच्या कारकुनाकडून शिकून घेतली होती आणि महिनाभर रोज जेवणानंतर गिरवत होते. साठेखतावरची त्यांची सही मराठी होती. दोन्हींचा काही संबंध नाही, हे जज्जसाहेबांनीही मान्य केलं.

मग लोहकऱ्यांनी साठेखत पुढं केलं. "यातली ही ओळ वाचून दाखवा."

"चष्मा घरी राहिला," मालक म्हणाले.

"बरं. तुमच्या पत्नीला लिहिता-वाचता येतं, हे खरं आहे ना?"

"नाही साहेब. अक्षरओळखच नाही. शेणापाण्यापलीकडं तिला काही कळत नाही. बसची पाटीसुद्धा दुसऱ्याला विचारते."

आत कुणीतरी हसलं.

"मग घरात कागदपत्रं, नोटिसा, पत्रं कोण वाचतं?"

"मीच वाचतो. माझ्याशिवाय आहे कोण वाचणारं? ती पत्र आलं की उलटंसुलटं करून बघते नि माझी वाट बघत बसते. तिचंही मलाच वाचून दाखवावं लागतं."

हे मात्र त्यांना कुणी शिकवलेलं नव्हतं. टिळेकरांनी फक्त 'निरक्षर आहे' एवढंच म्हणायला सांगितलं होतं. बाकीचं मालकांनी पदरचं घातलं. बोलताना आवाजात अशी काही गोडी आली होती की माहीत नसलेल्याला वाटावं, या बिचाऱ्यानं अडाणी बायकोला किती सांभाळून घेतलंय. मी खिडकीखाली बसून होते. राग आला असं म्हणता येणार नाही. पायावरून झुरळ जावं तसं वाटलं.

दुपारच्या सुट्टीनंतर माझा पुकारा झाला. पट्टेवाल्यानं मला पिंजऱ्याच्या पायऱ्या दाखवल्या. मालक त्याला हळूच म्हणाले, "जरा सांभाळून घ्या, बाई अडाणी आहे." शिरस्तेदाराच्या टेबलावर शाईचा पॅड आधीच उघडून ठेवला होता.

साहेब तरुण होते आणि त्यांना सर्दी झाली होती. मला शपथ दिली. नाव विचारलं, वय विचारलं, धंदा विचारला. मी सांगितलं. मान खालीच होती.

"शिक्षण?" साहेबांनी विचारलं.

"निरक्षर, साहेब," टिळेकर उठून म्हणाले.

साहेब टंकलेखकाकडं वळले आणि म्हणाले, "निरक्षर."

"सातवी," मी म्हणाले.

टंकलेखकाचं बोट वरच राहिलं. साहेबांनी रुमाल नाकापासून बाजूला केला. "काय म्हणालात?"

"सातवी पास. निमखेड्याच्या शाळेतून. सातवीला पहिली आले होते."

पहिली आले होते हे सांगायची काही गरज नव्हती. पण सांगितलं. मालकांकडं मी बघितलं नाही. बघण्यासारखं तिथं काही नव्हतं.

मग टिळेकरांनी साहेबांना अर्ज केला की साक्षीदार फितूर झाला आहे, मला तिची उलटतपासणी घेऊ द्या. परवानगी मिळाली. काल-परवापर्यंत 'वहिनी' म्हणणारा माणूस एकदम 'बाई' म्हणायला लागला.

"मोजाडनं तुम्हाला काय दिलं, बाई?"

"मोजाड? तो चहालासुद्धा वास घेऊन पितो. तो कुणाला काय देणार?"

मोजाड मागच्या बाकावर होता. त्याचं तोंड बघण्यासारखं झालं.

"तो दर दिवाळीला तुमच्या घरी यायचा. नवरा नसतानाही यायचा, बरोबर?"

हे विचारताना टिळेकरांनी कोर्टभर नजर फिरवली. काय म्हणायचंय ते सगळ्यांना कळलं. माझ्या नवऱ्यालाही कळलं असणार, कारण वकील त्यांचाच होता आणि फी त्यांचीच होती. ते उठले नाहीत. बुटाकडं बघत राहिले.

"नवरा असतानाच यायचा," मी म्हणाले. "नवऱ्याला पळून जायला वेळ मिळू नये म्हणून सकाळीच यायचा."

साहेबांनी टंकलेखकाला शेवटचा भाग लिहू नका म्हणून सांगितलं.

टिळेकरांनी मला साठेखत वाचायला लावलं. मी वाचलं, चतुःसीमेसकट. पूर्वेस ओढा, पश्चिमेस दगडू सानप यांची मिळकत. टिळेकर म्हणाले, हे अलीकडं शिकवून घेतलं आहे. मग त्यांनी कोरा कागद दिला. "सही करा."

इथं मी अडकले. साठेखतानंतर इतक्या वर्षांत मी कुठं सही केली असेल? रेशनच्या दुकानात मालक जायचे, बँकेत मालक जायचे, शाळेत पोरांच्या प्रगतिपुस्तकावरही मालकच त्यांची सही काढायचे. माझा हात आखडला होता. केली सही, पण ती थरथरली, अक्षरं मोठी झाली. टिळेकरांनी दोन्ही कागद साहेबांपुढं शेजारीशेजारी ठेवले. दोन वेगळ्या बायकांच्या सह्या वाटाव्यात, इतका फरक होता.

"साहेब, हे उघड आहे," टिळेकर म्हणाले. त्यांचा आवाज परत आला होता. "बाई कदाचित साक्षर असतीलही. पण ही सही त्यांची नाही. कागद बनावट तो बनावटच."

साहेब दोन्हीकडं बराच वेळ बघत होते. लोहकऱ्यांनीही चष्मा वर करून बघितलं आणि मान हलवली. मोजाड उभा राहिला, पट्टेवाल्यानं त्याला खाली बसवलं.

"साहेब, तो कागद एकदा द्या माझ्याकडं," मी म्हणाले.

साहेबांनी दिला. मी माझ्या सहीवर बोट ठेवलं.

"इथं 'विनायक' लिहिलंय. त्यातल्या 'ना'चा न बघा. त्याला पोट आहे."

"पोट?"

"तो आधी ठ होता. लग्नाला वर्षही झालं नव्हतं साहेब. शाळेत सगळी वर्षं मी 'अनसूया विठोबा' लिहिलं होतं. विठोबा माझ्या वडिलांचं नाव. सही करताना 'वि'पर्यंत बरोबर आले आणि पुढं सवयीनं ठ काढला. मग लक्षात आलं. चारचौघांत खोडायची लाज वाटली, म्हणून त्याच ठवर न चढवला. आतला गोल बुजला नाही, तो अजून असेल."

साहेब उठले. कागद घेऊन खिडकीशी गेले आणि उजेडात धरला. मग लोहकऱ्यांना बोलावलं, टिळेकरांना बोलावलं. तिघं डोकी जवळ करून बघत राहिले. टिळेकर सगळ्यांत आधी मागं फिरले.

"बनावट सही करणारा माणूस," साहेब सावकाश म्हणाले, "चूक कशाला करेल? आणि केलीच तर ती बाईंच्या वडिलांच्या नावाची कशी करेल?" त्यांनी ते टंकलेखकाला नीट सांगून लिहून घेतलं. माझ्या वडिलांचं नावही जबानीत आलं.

लोहकऱ्यांचे प्रश्न मग थोडेच उरले. प्रतिवादीनं तुमच्यासमोर सही केली का? केली. मराठीत केली का? मराठीत. शेवटी ते जांभई देत म्हणाले, "तुमचे यजमान म्हणतात, घरात सगळे कागद तेच वाचतात. हे तरी खरं आहे का?"

तेव्हा मात्र मी मालकांकडं बघितलं. त्यांनीही माझ्याकडं बघितलं. तोंडाला घाम सुटला होता. जमीन जाणार हे दिसत असतानासुद्धा सुटला नव्हता, इतका.

कारण वाचता त्यांनाच येत नव्हतं.

गावात कुणाला याचा पत्ता नव्हता. लहानपणी नाशकाला मामाकडं शिकायला गेले आणि मामानं चहाच्या टपरीवर कपबशा धुवायला ठेवलं. परत आले ते खिशाला पेन लावून. गाव समजलं, मॅट्रिक झाला असेल. सही त्यांना नक्षीसारखी काढता यायची, मराठी काय नि इंग्रजी काय. लग्नानंतर आठवडाभरात त्यांनी मला गोठ्यात नेऊन सांगितलं होतं आणि कुणाला बोलू नको म्हणून माझे पाय धरले होते. तेव्हा मला कळलं, मला बघायला आले तेव्हा शिक्षण का विचारलं ते. तेव्हापासून घरात येणारा प्रत्येक कागद मी वाचत होते. सोसायटीची नोटीस मी वाचली, मोजाडच्या दाव्याचं समन्स मी वाचलं. टिळेकरांनी दिलेली कैफियतीची प्रतही मालकांनी मलाच आणून दिली आणि म्हणाले, काय काय लिहिलंय बघ. त्यात मी निरक्षर असल्याचं लिहिलं होतं, आणि ते मीच त्यांना मोठ्यानं वाचून दाखवलं. ते म्हणाले, "छान लिहिलंय."

"बाई?" लोहकऱ्यांनी पुन्हा विचारलं. "कागद कोण वाचतं?"

"ते घरातलं आहे," मी म्हणाले. "सहीचं काय ते विचारा."

साहेब म्हणाले, पुरे. शिरस्तेदारानं पॅड मिटवला आणि पेन पुढं केलं. जबानीखाली मी सही केली. या खेपेला हात जरा सुटला होता.

मालक माझ्यासाठी थांबले नाहीत. स्टँडवर मोजाड आला. हातात केळी होती. "वहिनी, तुमच्यामुळं माझी जमीन राहिली," म्हणाला.

"तुमच्यासाठी नाही बोलले," मी म्हणाले. "आमच्या दारात यायचं काम आता संपलं. परत येऊ नका."

केळी तो परत घेऊन गेला. बसमध्ये चढल्यावर दिसलं, एकटाच खात उभा होता.

घरी मला वाटलं होतं, भांडं फेकतील, माहेरी जा म्हणतील. पेटी कुठं आहे तेही मी बघून ठेवलं. पण काही झालं नाही. जेवले, उठले, कोंबड्यांना जीपमधून हाकललं आणि बाजेवर जाऊन पडले. महिनाभर माझ्याशी बोलले नाहीत. हाकलून देणं त्यांना परवडणारं नव्हतं. दुसरी केली असती तर तिला पुन्हा गोठ्यात नेऊन सगळं सांगावं लागलं असतं.

पावसाळा संपता संपता निकाल लागला. टिळेकरांनी हरलो एवढंच सांगितलं आणि अपील करायचं तर आधी निकाल नीट वाचून या, म्हणून नक्कल हातात दिली. मालक ती घेऊन घरी आले. पोरं शाळेत होती. मी शेंगा फोडत होते. ते समोर बसले, उठले, पाणी प्याले, परत बसले. मग नक्कल माझ्यापुढं सरकवली.

"काय लिहिलंय बघ."

मी हात पुसले आणि सुरुवातीपासून वाचायला लागले. निकाल मराठीत होता. वादी कोण, प्रतिवादी कोण, मुद्दे काय, सगळं वाचलं. मग ते पान आलं. "प्रतिवादीची साक्ष कोणत्याही मुद्द्यावर विश्वास ठेवण्यास पात्र नाही. स्वतःच्या शिकलेल्या पत्नीस निरक्षर ठरवण्याइतकी त्याची मजल गेली. याउलट सदर पत्नीने स्वतःचे नुकसान होणार हे दिसत असूनही सत्य सांगितले. तिच्या साक्षीवरून साठेखत अस्सल असल्याचे शाबीत होते."

मालकांनी मान वर केली. "खरंच असं लिहिलंय?"

"हो."

"पदरचं नाही ना घालत काही?"

"शंका असेल तर टिळेकरांकडून वाचून घ्या."

टिळेकरांकडून ते वाचून घेऊ शकत नव्हते. कुणाकडूनच घेऊ शकत नव्हते. मी सांगेन तोच निकाल होता.

"बरं," ते म्हणाले. "पुढं वाच."

मी पान उलटलं नाही. तोच परिच्छेद पहिल्यापासून पुन्हा वाचायला घेतला, या वेळी जरा सावकाश.